तिसऱ्या प्रयत्नात मॅट्रिक, आणि पुढे…

रक्ताचा रिपोर्ट हातात पडला की आपण काय करतो? ठळक छापलेला आकडा शोधतो आणि रूमवर येऊन टेन्शन घेतो! पण हा आकडा येतो कुठून? त्यासाठी येल्लाप्रगडा सुब्बाराव या माणसाची ओळख करून घेऊ.

१२ जानेवारी १८९५ रोजी आंध्रातल्या भीमावरम इथे त्यांचा जन्म झाला. घरची गरिबी. मॅट्रिक पास झाले तेही तिसऱ्या प्रयत्नात. एटीकेटीवाल्यांनी नोंद घ्यावी! मद्रास मेडिकल कॉलेजात खादी घातल्याने इंग्रज प्राध्यापक नाराज झाले आणि एमबीबीएसऐवजी एलएमएस ही दुय्यम पदवी पदरात पडली. त्याच सुमारास दोन भाऊ स्प्रू या आतड्याच्या रोगाने गेले. हे दुःख त्यांच्या मनात कायम राहिलं.

१९२३ साली ते बोस्टनला पोचले. खर्च भागवायला हॉस्पिटलात रात्री हमालाचं कामसुद्धा केलं. हार्वर्डमध्ये सायरस फिस्क यांच्यासोबत त्यांनी १९२५ मध्ये रक्तातलं फॉस्फरस मोजायची पद्धत प्रसिद्ध केली. युक्ती साधी आहे. रक्तातली प्रथिनं काढून टाकायची, उरलेल्या द्रवात आम्लयुक्त मॉलिब्डेट आणि दुसरं एक रसायन घालायचं, की निळा रंग येतो. फॉस्फरस जितकं जास्त तितका रंग गडद. माहीत असलेल्या द्रावणाच्या रंगाशी तुलना केली की आकडा मिळतो. म्हणजे आपलं कॅलिब्रेशनच की! आज मशीन आली, पद्धतीही बदलल्या, पण मॉलिब्डेट अजून कामाला येतं. मोठ्या माणसात साधारण २.५ ते ४.५ मिलिग्रॅम प्रति डेसिलिटर हे नॉर्मल.

१९४० मध्ये ते लेडर्ले कंपनीत गेले. तिथे त्यांच्या टीमने फॉलिक ॲसिड प्रयोगशाळेत तयार केलं, आणि ते स्प्रूवर उपयोगी पडलं! भावांसाठी मात्र फार उशीर झाला होता. सीबीसी रिपोर्टमधला एमसीव्ही बघा. तो म्हणजे लाल पेशीचा सरासरी आकार, नॉर्मल ८० ते १०० फेम्टोलिटर. फॉलिक ॲसिड किंवा बी-१२ कमी पडलं की पेशी मोठ्या होतात आणि हा आकडा वाढतो.

आता नॉर्मल म्हणजे काय? बहुतेक टेस्टमध्ये निरोगी लोकांपैकी मधल्या ९५ टक्क्यांचे आकडे जिथे बसतात, ती रेंज. म्हणजे वीस धडधाकट लोकांत एखादा बाहेर जाणारच. म्हणून आपल्या लॅबने छापलेली रेंज बघा, जुना रिपोर्ट शेजारी ठेवा आणि डॉक्टरांना दाखवा. एका आकड्यावरून स्वतःच रोग ठरवू नका.

ऑगस्ट १९४८ मध्ये, अवघ्या ५३ व्या वर्षी, सुब्बाराव अमेरिकेतच वारले. मायदेशी परतणं झालंच नाही. मार्कशीट असो की ब्लड रिपोर्ट, एका आकड्यात माणूस मावत नाही, हे त्यांच्याकडे बघून पटतं.