स्वरांची संजीवनी

ज्याच्यावर अचानक देशत्याग करण्याची पाळी येते, त्याला बरोबर काय नेता येते? घर नेता येत नाही, शेजार नेता येत नाही. साठविलेले धनही बहुधा मागेच राहते. परंतु कष्टाने मिळविलेली विद्या कोणत्याही सरहद्दीवर हिरावून घेता येत नाही. व्हिएन्नाहून न्यूयॉर्कला निर्वासित म्हणून आलेल्या व्हाली वायगल या ज्यू संगीतरचनाकार स्त्रीचे चरित्र याची साक्ष देते.

ऑस्ट्रियाची राजधानी व्हिएन्ना ही त्या काळी युरोपातील संगीताची काशी मानली जाई. हायडन, मोझार्ट, बेथोव्हेन, शूबर्ट आणि ब्राम्स यांच्यासारख्या थोर रचनाकारांनी याच नगरीत आपली संगीतसाधना केली होती. अशा नगरीत ११ सप्टेंबर १८९४ रोजी व्हालेरी पिक हिचा जन्म झाला. घरची मंडळी तिला व्हाली म्हणत. तिचे वडील वकिली करीत. घर सुखवस्तू व सुशिक्षित होते. वर्षभराच्या अंतराने तिच्या पाठीवर केटे ही बहीण जन्मली. दोघी बहिणी एकत्र वाढल्या; परंतु दोघींचा ओढा वेगवेगळ्या दिशांना होता. व्हालीचे मन पियानोपाशी रमे. केटेला मात्र गरीब कामगारांचे हाल पाहून स्वस्थ बसवत नसे.

व्हालीने रिचर्ड रॉबर्ट या नामांकित गुरूंजवळ पियानोवादनाचे धडे घेतले. संगीतशास्त्राचा अभ्यास तिने गीडो आडलर या विद्वानांच्या हाताखाली केला. संगीतरचना शिकण्यासाठी ती कार्ल वायगल यांच्याकडे जाऊ लागली. वायगल यांनी तरुणपणी व्हिएन्नाच्या राजसंगीतगृहात गुस्ताव माहलर यांचे साहाय्यक म्हणून काम केले होते. ते जितके व्यासंगी, तितकेच शांत वृत्तीचे होते. गुरुशिष्येचा हा स्नेह पुढे विवाहात परिणत झाला. १९२१ साली व्हाली पिक व्हाली वायगल झाली. १९२६ साली त्यांना पुत्रलाभ झाला. पती रचना करीत व विद्यार्थ्यांना शिकवीत; व्हालीबाईही पियानोच्या शिकवण्या करीत. वायगलांचे घर स्वरांनी भरून गेले होते.

इकडे केटेनेही आपले क्षेत्र गाजविले होते. राज्यशास्त्र व अर्थशास्त्र यांचा अभ्यास करून ती डॉक्टर झाली. व्हिएन्नाच्या कामगार मंडळात स्त्रियांच्या विभागाची ती प्रमुख झाली. घरोघर राबणाऱ्या मोलकरणी, कारखान्यांतून खपणाऱ्या बायका यांना किती वेतन मिळते, त्या कशा राहतात, याची तिने कसून पाहणी केली व ती ग्रंथरूपाने लोकांपुढे मांडली. विवाहानंतर ती केटे लाइख्टर या नावाने प्रसिद्ध झाली.

परंतु युरोपच्या आकाशात काळे ढग जमत होते. १९३३ साली जर्मनीत हिटलरच्या हाती सत्ता गेली. ज्यू लोकांचा द्वेष हेच तेथील राजधोरण झाले. कार्ल वायगल यांचे संगीत जर्मनीत वाजविणे बंद झाले. मार्च १९३८ मध्ये हिटलरच्या सैन्याने ऑस्ट्रियाही गिळंकृत केला. ज्यांच्या पूर्वजांनी ते नगर आपले मानले होते, त्यांना आता रस्त्यावरून निर्भयपणे चालणेही कठीण झाले. नोकऱ्या गेल्या, सभागृहांची दारे बंद झाली. देश सोडण्यावाचून गत्यंतर उरले नाही. परंतु देश सोडणेही सोपे नव्हते. परक्या देशात प्रवेश मिळण्यासाठी तेथील कोणीतरी हमी द्यावी लागे. न्यूयॉर्कमधील काही संगीतप्रेमी सज्जन आणि शांततेचे व्रत घेतलेला क्वेकर नावाचा ख्रिस्ती पंथ या कुटुंबाच्या मदतीला धावून आला. ऑक्टोबर १९३८ मध्ये वायगल पतिपत्नी व त्यांचा बारा वर्षांचा मुलगा अमेरिकेच्या किनाऱ्यावर उतरली.

केटे मात्र सुटू शकली नाही. हिटलरच्या गुप्त पोलिसांनी तिला मे १९३८ मध्येच अटक केली होती. तिचे पती व दोन मुले कशीबशी निसटून पुढे अमेरिकेस पोहोचली; पण तिची रवानगी १९४० साली राव्हेन्सब्रूक येथील स्त्रियांच्या छळछावणीत झाली. १९४२ साली बर्नबुर्ग येथे विषारी वायूने तिचे प्राण घेण्यात आले. ज्या बहिणीबरोबर सारे बालपण गेले, तिचे अंत्यदर्शनही व्हालीबाईंच्या नशिबी नव्हते. पाठच्या बहिणीचा हा घाव त्यांच्या अंतःकरणात कायमचा राहिला.

न्यूयॉर्कमध्ये आयुष्याची घडी नव्याने बसवावयाची होती. व्हिएन्नातील कीर्ती येथे कोणास ठाऊक नव्हती. भाषा परकी, चालीरीती परक्या. कार्ल वायगल यांनी वयाची पंचावन्न वर्षे ओलांडली होती. चव्वेचाळीस वर्षांच्या व्हालीबाईंनी धीर सोडला नाही. त्यांनी शिकवण्या मिळविल्या व घर चालविण्यास हातभार लावला. याच काळात त्यांच्या स्वतःच्या प्रतिभेला बहर आला. ज्या वयात पुष्कळ माणसे नवे काही शिकण्याचा नाद सोडून देतात, त्या वयात त्या इंग्रजी काव्य आत्मसात करून त्याला संगीताचा साज चढवू लागल्या. एमिली डिकिन्सन, कार्ल सँडबर्ग इत्यादी अमेरिकन कवींच्या कविता त्यांनी निवडल्या. मोठ्या वाद्यवृंदापेक्षा एक कंठ आणि दोनतीन वाद्ये यांचा मेळ त्यांना अधिक प्रिय होता. ‘न्यू इंग्लंड स्वीट’ ही त्यांची प्रसिद्ध कृती अशाच मोजक्या वाद्यांसाठी लिहिलेली आहे. आश्रय देणाऱ्या भूमीची वने, ऋतू आणि तेथील शांतता त्यांच्या रचनांतून उमटू लागली.

१९४९ साली कार्ल वायगल यांचे निधन झाले. त्यांच्यामागे हस्तलिखितांचे मोठे भांडार राहिले. त्यांतील कित्येक रचना एकदाही कोणाच्या कानी पडल्या नव्हत्या. त्या लोकांपर्यंत पोहोचविणे हे व्हालीबाईंनी आपले कर्तव्य मानले. त्यांनी वादकांना पत्रे लिहिली, मैफली घडवून आणल्या, ध्वनिमुद्रणासाठी खटपट केली. कार्ल यांनी १९४५ साली आपली पाचवी सिंफनी रचली होती आणि ती राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांच्या स्मृतीस अर्पण केली होती. ही विशाल वाद्यवृंदरचना अखेर ऑक्टोबर १९६८ मध्ये, लिओपोल्ड स्टोकोव्हस्की यांच्या नेतृत्वाखाली, न्यूयॉर्कच्या कार्नेगी सभागृहात प्रथम वाजविली गेली. रचनाकाराच्या मृत्यूनंतर एकोणीस वर्षांनी हा योग आला. त्यामागे एका पत्नीची अखंड तपश्चर्या होती.

त्यांची आणखी एक कसोटी लागावयाची होती. एका अपघातात व्हालीबाईंच्या खांद्याचे हाड मोडले. पियानो वाजविणाऱ्याला ही आपत्ती किती भयंकर! आखडलेला हात हलविण्याचा व्यायाम वेदनादायक असे. तेव्हा त्यांनी या व्यायामाला संगीताची साथ दिली. लयीबरोबर हात हलवू लागल्यावर दुःख सुसह्य झाले व हालचालही सुधारू लागली. दुसरा कोणी एवढ्यावरच समाधान मानून राहिला असता. व्हालीबाईंच्या मनात मात्र असा विचार आला की, ज्या उपायाने आपणास गुण आला, तो इतर पीडितांना का मिळू नये?

त्या वेळी संगीतोपचार हे शास्त्र नुकतेच आकार घेत होते. साठीच्या उंबरठ्यावर उभ्या असलेल्या या विदुषी पुन्हा विद्यार्थिनी झाल्या. कोलंबिया विद्यापीठात जाऊन त्यांनी संगीतोपचाराचा अभ्यास केला व एम.ए. ही पदवी मिळविली. पुढे न्यूयॉर्क मेडिकल कॉलेजात त्या प्रमुख संगीतोपचारक म्हणून काम पाहू लागल्या. मेंदूतील दोषामुळे ज्यांचे हातपाय ताब्यात राहत नाहीत अशी बालके, मनाचा तोल ढळलेले रुग्ण, एकाकी वृद्ध यांच्यासाठी त्यांनी आपली कला वेचली. ठेका नियमित असतो. त्यामुळे पुढची हालचाल केव्हा करावयाची याची सूचना शरीराला आधीच मिळते आणि अडखळणारे पाऊल त्या ठेक्याच्या आधाराने पडू शकते. गाताना श्वास दीर्घ होतो. ओळखीची चाल कानी पडली की वृद्धांच्या विस्मृतीत गेलेल्या गोष्टी पुन्हा जाग्या होतात. अशा बारीकसारीक गोष्टींचे निरीक्षण करून व्हालीबाईंनी आपले अनुभव लेखांतून व व्याख्यानांतून इतरांपुढे मांडले.

ज्या क्वेकर मंडळींनी संकटात हात दिला, त्यांच्याशी त्यांचे आजन्म नाते जडले. कलेच्या द्वारे जगात ऐक्य वाढावे म्हणून त्या मंडळींमध्ये जी समिती निघाली, तिच्या स्थापनेत व्हालीबाईंचा पुढाकार होता. युद्धाने त्यांची जन्मभूमी नेली होती, सख्खी बहीण नेली होती. तरीही त्यांच्या संगीतात सूडाचा स्वर उमटला नाही. शांततेची आळवणी करणारी अनेक समूहगीते त्यांनी रचली. सामान्य जनतेच्या चिवट जीवनशक्तीचे गुणगान करणाऱ्या सँडबर्ग यांच्या ‘द पीपल, येस’ या काव्यावर त्यांनी वयाच्या ऐंशीनंतर मोठी संगीतरचना हाती घेतली. १९७६ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय कलानिधीने त्यांना साहाय्य दिले. कामकरी स्त्रियांसाठी झिजलेल्या केटेच्या बहिणीने हे काव्य निवडावे, यात नवल नाही.

२५ डिसेंबर १९८२ रोजी न्यूयॉर्क येथे व्हालीबाईंनी देह ठेविला. त्या वेळी त्या अठ्ठ्याऐंशी वर्षांच्या होत्या. व्हिएन्ना सोडताना बरोबर आणलेली विद्या त्यांनी स्वतःच्या कीर्तीसाठी राखून ठेविली नाही. त्या विद्येने त्यांनी संसार सावरला, पतीचे अबोल स्वर बोलके केले आणि अनोळखी रुग्णांच्या वेदनांवर फुंकर घातली. त्यांची गीते आजही गायिली जातात. आणि एखाद्या रुग्णालयात ठेक्याच्या आधाराने एखादे मूल पाऊल उचलते, तेव्हा व्हालीबाईंनी ज्यासाठी श्रम वेचले ते कार्यच पुढे चाललेले असते.