विश्लेषण : युद्धभूमीवरून सिनेमात आलेले छायालेखक राऊल कुतार कोण होते?

सुरुवात कशी झाली?
फ्रान्सचे राऊल कुतार (१९२४-२०१६) यांना रसायनशास्त्र शिकायचे होते. पैशांअभावी ते छायाचित्रणाकडे वळले. पुढे इंडोचायनात त्यांनी युद्ध टिपले.

वेगळेपण काय?
असेल त्या उजेडात काम करण्याची ही सवय गोदार यांच्या ‘ब्रेथलेस’मध्ये (१९६०) कामी आली. फोटोच्या कॅमेऱ्याची फिल्म जोडून त्यांनी चित्रीकरण केले. ट्रॉलीऐवजी व्हीलचेअर होती. कुतार कॅमेरा घेऊन बसत, गोदार ढकलत. तेच कुतार ‘कंटेम्प्ट’मध्ये (१९६३) रंगीत सिनेमास्कोपवरही तितकेच सहज वावरले.

दिग्दर्शन का महत्त्वाचे?
‘होआ-बिन्ह’ (१९७०), म्हणजे शांतता. यात व्हिएतनाम युद्ध लहान मुलाच्या नजरेतून दिसते. कान महोत्सवात पहिल्या चित्रपटासाठीचा पुरस्कार आणि ऑस्कर नामांकन मिळाले. तरुणपणी सैनिक म्हणून गेलेल्या भूमीकडे त्यांनी यावेळी तिथल्या मुलाच्या डोळ्यांनी पाहिले.