शब्दांना रूप देणारा राजा : मुम्मडी कृष्णराज वडियार

म्हैसूरच्या जगनमोहन राजवाड्यातील चित्रसंग्रहालय मराठी पर्यटकांना ठाऊक आहे ते प्रामुख्याने एका चित्रामुळे. सावंतवाडीचे चित्रकार सावळाराम लक्ष्मण हळदणकर यांनी जलरंगात रंगवलेली, हाती दिवा घेतलेली स्त्री पाहण्यासाठी तेथे लोक आवर्जून जातात. हा राजवाडा १८६१ मध्ये बांधून घेणारे मुम्मडी, म्हणजेच तिसरे, कृष्णराज वडियार यांची ओळख मात्र महाराष्ट्रात फारशी नाही. शब्दांतून प्रतिमा कशी उभी राहते आणि प्रतिमेला शब्दांची गरज कोठे भासते, या प्रश्नाचा इतक्या विस्ताराने मागोवा घेणारे दरबार भारतात थोडेच झाले. राज्यकारभार हातातून गेलेल्या या राजाने मागे ठेवलेला ठेवा चित्रांचा आणि शब्दांचा आहे.

कृष्णराजांचा जन्म १४ जुलै १७९४ रोजी श्रीरंगपट्टण येथे झाला. वडियार घराणे तेव्हा नावापुरतेच राजघराणे उरले होते; सत्ता टिपू सुलतानाकडे होती. दोन वर्षांतच वडील चामराज वडियार यांचे निधन झाले. ४ मे १७९९ रोजी श्रीरंगपट्टण पडले, टिपू मारला गेला आणि इंग्रजांनी जुन्या राजवंशातील या बालकाला गादीवर बसवण्याचा निर्णय घेतला. ३० जून १७९९ रोजी म्हैसूर येथे राज्याभिषेक झाला, तेव्हा राजाला पाच वर्षेही पूर्ण झाली नव्हती. राजमाता लक्ष्मी अम्मण्णी यांच्या देखरेखीखाली दिवाण पूर्णय्या यांनी बारा वर्षे कारभार सांभाळला. पूर्वी हैदर आणि टिपू यांच्याही सेवेत राहिलेल्या या मुरब्बी मुत्सद्द्याने १८११ मध्ये तो तरुण राजाच्या हाती सोपवला.

स्वतंत्र कारभाराची ही संधी वीस वर्षांतच संपली. १८३० मध्ये नगर प्रांतात शेतकऱ्यांचा उठाव झाला. गैरकारभाराचे कारण पुढे करून गव्हर्नर जनरल विल्यम बेंटिंक यांनी १८३१ मध्ये राज्याचा कारभार कंपनीकडे घेतला आणि म्हैसूरवर इंग्रज आयुक्तांचा अंमल सुरू झाला. राजाकडे किताब, तनखा, राजवाडा आणि दसऱ्याचा दरबार तेवढा उरला. वसुली, न्याय, फौज या सर्व बाबी दुसऱ्यांच्या हाती गेल्या. पुढची ३७ वर्षे, अखेरच्या श्वासापर्यंत, कृष्णराज आपले अधिकार परत मिळावेत म्हणून झगडत राहिले. त्याच काळात राजवाडा पंडितांचा, कवींचा आणि चित्रकारांचा आश्रय बनला.

विजयनगरच्या पतनानंतर दक्षिणेत विखुरलेल्या चित्रपरंपरेची एक शाखा म्हैसूरमध्ये रुजली होती. कृष्णराजांच्या काळी ती बहराला आली. बारीक रेषा, मंद रंग, दागिन्यांच्या जागी किंचित उठावाचे काम आणि त्यावर सोन्याचा पातळ वर्ख ही म्हैसूर शैलीची लक्षणे आजही चटकन ओळखू येतात. या चित्रकारांसमोर दरबाराने जे काम ठेवले, ते विलक्षण मोठे होते. शास्त्रांत आणि पुराणांत वर्णिलेल्या देवतांची रूपे एकत्र करायची आणि प्रत्येक वर्णनाशेजारी त्याचे चित्र द्यायचे, असे त्याचे स्वरूप होते. त्यातून ‘श्रीतत्त्वनिधि’ हा ग्रंथ साकारला.

ग्रंथाचे नऊ भाग आहेत आणि प्रत्येकाला निधी म्हटले आहे : शक्तिनिधी, विष्णुनिधी, शिवनिधी, ब्रह्मनिधी, ग्रहनिधी, वैष्णवनिधी, शैवनिधी, आगमनिधी आणि कौतुकनिधी. संस्कृत श्लोक कन्नड लिपीत लिहिले असून चित्रांची एकूण संख्या १८०० च्या वर जाते. ग्रंथ राजाच्या नावावर आहे. त्यामागे श्लोक निवडणाऱ्या पंडितांचे आणि कुंचला धरणाऱ्या कलावंतांचे अनेक हात आहेत.

या ग्रंथाचा पाया म्हणजे ध्यानश्लोक. पूजेपूर्वी उपासकाने देवतेचे रूप मनापुढे आणावे, यासाठी असे श्लोक रचले गेले. मुखे किती, हात किती, कोणत्या हातात काय, अंगकांती कशी, वाहन कोणते, हे सारे त्यात मोजून सांगितलेले असते. शिवनिधीत गणपतीची ३२ रूपे येतात. त्यांतील बालगणपती उगवत्या सूर्याच्या रंगाचा असून केळे, आंबा, फणस, ऊस आणि मोदक असा त्याचा खाऊ आहे. हेरंबाला पाच मुखे आणि दहा हात असून तो सिंहावर आरूढ असतो. वीरगणपतीचे सोळा हात शस्त्रांनी भरलेले आहेत. घरोघरी एकाच परिचित रूपात गणपती पुजणाऱ्या मराठी भाविकाला ही पाने उलटताना ओळखीचा देव अनोळखी रूपांत भेटत राहतो.

शब्दांची नेमकी गरज कोठे असते, हे विष्णूच्या २४ मूर्तींवरून स्पष्ट होते. संध्येत केशवापासून कृष्णापर्यंत जी २४ नावे घेतली जातात, त्यांच्याच या मूर्ती. सर्व चतुर्भुज, सर्वांची आयुधे तीच : शंख, चक्र, गदा आणि पद्म. चार आयुधे चार हातांत २४ प्रकारे धरता येतात आणि प्रत्येक मांडणी एका नावाची आहे. शंख आणि चक्र यांनी हात बदलले की नावही बदलते. केवळ डोळ्यांनी पाहणाऱ्याला या मूर्ती जवळपास सारख्याच वाटतील. नाव आणि श्लोक हाती असेल तरच केशव कोणता आणि माधव कोणता, हे उमगते.

शब्दांनाही मर्यादा असतात. बालगणपतीची फळे श्लोक मोजून देतो. परंतु बाळाने मान किती कलती ठेवावी, डोळ्यांत खोडकरपणा असावा की तृप्ती, सोंड कोणत्या वळणाने मोदकाकडे जावी, हे चित्रकारालाच ठरवावे लागते. दहा हात आहेत, हे लिहिणे सोपे आहे. ते दहा हात एका खांद्याला शोभतील अशा रीतीने काढणे हे चित्रकाराचे कसब. ‘श्रीतत्त्वनिधी’च्या प्रत्येक पानावर अशी कामाची वाटणी झालेली दिसते. श्लोक चूक होऊ देत नाही आणि चित्र श्लोकाला कोरडी यादी होऊ देत नाही.

अखेरच्या कौतुकनिधीत हा संबंध देवघराबाहेर येतो. या भागात हठयोगातील १२२ आसनांची सचित्र माहिती आहे. पाय कोठून कोठे न्यावा आणि हात कोठून ओवावा, हे वाक्यांत सांगू लागले तर वाचणारा गोंधळतो. शेजारच्या आकृतीकडे पाहताच ते क्षणात ध्यानी येते. विसाव्या शतकाच्या अखेरीस योगाच्या इतिहासाचे अभ्यासक या भागाकडे वळले, ते याच आकृत्यांमुळे. कौतुकनिधीत पत्त्यांचे डावही आहेत. ३६ पानांपासून ३६० पानांपर्यंतचे हे गंजिफाचे प्रकार ‘छद’ या नावाने ओळखले जातात. सावंतवाडीची १२० पानांची दशावतारी गंजिफा परिचित असलेल्या मराठी वाचकाला त्या विस्ताराची सहज कल्पना येईल. पत्त्यावरचे चित्र ओळखता आले पाहिजे, म्हणजेच त्यामागची कथा ठाऊक पाहिजे; खेळता खेळता पुराण पाठ व्हावे, अशी ही योजना. राजाला बुद्धिबळाचाही छंद होता. अडीच घरे चालणाऱ्या घोड्याला पटावरील प्रत्येक घरात एकदाच नेण्याची कोडी त्यांनी रचली.

ग्रंथातील हीच दृष्टी दगडात आणि धातूतही उतरली. चामराजनगर येथे त्यांनी वडिलांच्या नावे मंदिर उभारले; नंजनगूडच्या प्राचीन शिवमंदिरात भर घातली. तेथे देवतांच्या आणि शैव संतांच्या मूर्तींची पीठे नावांसह कोरली आहेत. भक्ताने नुसता नमस्कार करून पुढे जाऊ नये, समोर कोण आहे हे वाचावे, हा त्यामागील हेतू दिसतो. जगनमोहन राजवाड्याच्या भिंतीवर वडियार घराण्याची वंशावळ कमळाच्या आकारात चितारली आहे. ‘संतानांबुज’ हे तिचे नाव. कृष्णराजांना औरस वारस नव्हता आणि संस्थान कायमचे खालसा होण्याची भीती डोक्यावर होती. अशा वेळी घराणे अखंड आहे, हे सांगणारे भिंतीवरचे कमळ शोभेपुरते राहत नाही. तो एका राजाचा दावा ठरतो.

१८६५ मध्ये त्यांनी नात्यातील बालक चामराजेंद्र यांना दत्तक घेतले. ब्रिटिश सरकारने १८६७ मध्ये या दत्तकाला मान्यता दिली. २७ मार्च १८६८ रोजी कृष्णराजांचे निधन झाले. ज्यासाठी ते आयुष्यभर झगडले, तो राज्यकारभार १८८१ मध्ये चामराजेंद्रांच्या हाती परत आला. तो दिवस पाहणे त्यांच्या नशिबी नव्हते.

ग्रंथाच्या वाट्याला वेगळेच प्राक्तन आले. विसाव्या शतकाच्या प्रारंभीच्या सुमारास मुंबईच्या खेमराज श्रीकृष्णदास यांच्या श्रीवेंकटेश्वर छापखान्याने ‘श्रीतत्त्वनिधि’ देवनागरी लिपीत प्रसिद्ध केला. कन्नड लिपी न जाणणाऱ्या वाचकांसाठी ही मोठी सोय झाली. परंतु त्या आवृत्तीत केवळ श्लोक होते, चित्रे नव्हती. मुंबईच्या वाचकापर्यंत हेरंबाची पाच मुखे आणि दहा हात शब्दांतच पोहोचले. आसनांची वर्णने आकृत्यांवाचून राहिली. जे दोन घटक एकत्र आणण्यासाठी दरबाराने एवढे कष्ट घेतले, ते छापखान्याच्या दारात पुन्हा वेगळे झाले.

म्हैसूरच्या प्राच्यविद्या संशोधन संस्थेचा पाया १८९१ मध्ये चामराजेंद्र यांच्याच कारकिर्दीत घातला गेला. ‘श्रीतत्त्वनिधी’ची सचित्र प्रत या संस्थेने जतन केली आणि पुढे शक्तिनिधी, विष्णुनिधी आणि शिवनिधी हे पहिले तीन खंड चित्रांसह प्रसिद्ध केले. बत्तीस गणपती आपापल्या श्लोकांशेजारी पुन्हा येऊन बसले, ते तेव्हा.