मलिक अंबर यांची जमाबंदी

इ.स. १६०० मध्ये मोगलांनी अहमदनगरचा किल्ला घेतला, तेव्हा निजामशाही बुडाल्यातच जमा होती. परंतु आपल्याच जिल्ह्यातील परांड्यास मलिक अंबर यांनी दुसऱ्या मुर्तजा निजामशहास गादीवर बसविले. १५४८ च्या सुमारास हबशांच्या मुलखात जन्मलेले, बालपणीच गुलाम म्हणून विकले गेलेले आणि बगदादमार्गे दख्खनेत आलेले अंबर पुढे या राज्याचे कर्तेधर्ते झाले. त्यांच्या गनिमी काव्याच्या कथा पुष्कळ सांगितल्या जातात. जमाबंदीविषयी मात्र क्वचितच कोणी बोलतो.

मदरशात मंतिकाचा आरंभ तसव्वुर आणि तस्दीक यांच्या भेदाने होतो. वस्तू काय आहे हे मनात स्पष्ट झाल्याखेरीज तिच्याविषयी निर्णय देता येत नाही. महसुलाच्या इजाऱ्यात नेमकी हीच उलटापालट होती : रकमेचा ठेका आधी ठरे, जमीन कोणी पाहतच नसे. इजारदार कुणब्याकडून निघेल तेवढे काढून घेई. अंबर यांनी इजारे बंद केले, जमिनीची पिकाच्या मगदुराप्रमाणे प्रतवारी करविली आणि मगच सरकारी हिस्सा ठरविला : आरंभी धान्याच्या रूपाने उत्पन्नाचा २/५, पुढे रोखीने सुमारे १/३. हा भार आजच्या मानाने हलका नव्हे. पण किती द्यावयाचे हे रयतेस आता आधी कळू लागले. वसुलीची जबाबदारी गावच्या पाटलावर आली.

१६२६ मध्ये त्यांचे निधन झाले. कबर खुलताबादेस आहे. निजामशाहीही लवकरच गेली. मराठी दप्तरांत मात्र ‘मलिकंबरी’ हा शब्द पुढेही चालत राहिला.