आवाज काढून टाकणारा माणूस

मैत्रिणींनो, पूर्वी टॉकीजमध्ये सिनेमाच्या आधी सरकारी डॉक्युमेंटरी लागायची, आठवतंय? धरणं, कारखाने, मंत्र्यांचे दौरे, आणि वरून तो खर्जातला आवाज. काय बघायचं नि त्याचा अर्थ काय, सगळं तोच सांगणार! लोक तेवढ्यात शेंगदाणे आणायला बाहेर पडायचे. 1948 साली सुरू झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे हे माहितीपट दाखवणं थिएटरवाल्यांना सक्तीचंच होतं. त्याच संस्थेसाठी काम करताना एका माणसानं तो आवाजच काढून टाकला. त्याचं नाव एस. सुखदेव.

1933 मध्ये जन्मलेले सुखदेव पंजाबी घरातले, पण त्यांची कर्मभूमी मुंबई. पॉल झिल्स नावाच्या जर्मन दिग्दर्शकाच्या हाताखाली ते माहितीपट करायला शिकले. 1965 मध्ये त्यांनी ‘अँड माइल्स टू गो’ केला. एकीकडे श्रीमंतांचा थाट, दुसरीकडे पोटाची मारामार, अशी दृश्यं त्यांनी शेजारी शेजारी लावली. भाषण कशाला हवं? बघणारा मनातल्या मनात हिशेब मांडतोच की!

त्या सुमारास जहांगीर भावनगरी हे जाणकार गृहस्थ फिल्म्स डिव्हिजनमध्ये सल्लागार म्हणून आले होते. तरुणांना त्यांनी प्रयोग करायची मोकळीक दिली. त्यातूनच स्वातंत्र्याला वीस वर्षं झाल्यावर ‘इंडिया 67’ आला. जवळजवळ तासाभराचा माहितीपट, पण निवेदनाचा एक शब्द नाही! नुसती दृश्यं, आवाज, संगीत आणि माणसांचे चेहरे. तापलेल्या वाळूवरून चालणारा काळा किडा, उभ्या सायकलवर पाय वर करणारा रस्त्यावरचा कुत्रा, मळकट वादकाच्या नाकाच्या शेंड्यावर लोंबणारा घामाचा थेंब! सत्यजित राय यांना यात श्रीमंत-गरिबाच्या ठळक तुलनेपेक्षा या बारीकसारीक गोष्टीच जास्त आवडल्या होत्या.

मला त्यांचं म्हणणं लगेच पटलं. आमच्या खाप्याला हातमागाची जुनी परंपरा. लुगड्याची घडी उलगडली की काठ-पदर सगळ्या बघतात, विणणारे हात कोण बघतं? घरात कांड्या भरणाऱ्या बाईला विचारा, तू काय करतेस? ती म्हणेल, काही नाही, घरीच असते. असं ‘काही नाही’ म्हणणाऱ्या माणसांकडे कॅमेरा वळवणं ही साधी गोष्ट नाही. आपलंही काम मोजण्यासारखं आहे, हे त्यांना स्वतःला दिसायला लागतं.

1971 मध्ये बांगलादेशातून लाखो निर्वासित भारतात आले. त्यांचे हाल आणि तिथला लढा सुखदेवांनी ‘नाइन मंथ्स टू फ्रीडम’मध्ये दाखवला. गरिबांच्या बाजूनं उभा राहणारा दिग्दर्शक म्हणून त्यांचं नाव झालं.

आणि इथंच गोष्ट अवघड होते. मे 1974 मध्ये देशभर रेल्वेचा संप झाला. हजारो कामगार तुरुंगात गेले, कुटुंबांना क्वार्टर्समधून बाहेर काढण्यात आलं. आपल्या नागपूरसारख्या रेल्वेच्या गावाला हे वेगळं सांगायला नको. अशा वेळी सुखदेवांचा ‘व्हॉइस ऑफ द पीपल’ संपाच्या विरोधात उभा राहिला. पुढं आणीबाणीत त्यांनी ‘थंडर ऑफ फ्रीडम’ केला, तोही सरकारची बाजू मांडणारा. ज्यानं सरकारी आवाज काढून टाकला होता, त्याच्याच कामात तो आवाज परत आला. त्यांचे चाहतेही दुखावले. 1979 मध्ये सुखदेव गेले. पन्नाशीही गाठली नव्हती.

पण मला जास्त विचार करायला लावते ती त्यांची मुलगी शबनम. वडील गेले तेव्हा ती शाळकरी वयाची होती. बाप जगाचं दुःख टिपत हिंडणार आणि घराच्या वाट्याला येणार थोडाच! ही कथा काही आपल्याला नवी नाही. शबनमही मोठेपणी माहितीपट करू लागली आणि तिनं वडिलांवरच ‘द लास्ट अ‍ॅड्यू’ केला. वडिलांचे जुने माहितीपट बघत, त्यांना ओळखणाऱ्यांना विचारत ती बापाला शोधत राहिली. राग लपवला नाही, प्रेमही लपवलं नाही.

आपल्याकडे गेलेल्या माणसाचा फोटो भिंतीवर गेला, हार चढला, की त्याच्याबद्दल खरं बोलणं बंद होतं. नाहीतर मग त्याचं नावच टाकतात. शबनमनं यातलं काहीच केलं नाही. ज्या पद्धतीनं बापानं देश दाखवला, त्याच पद्धतीनं तिनं बाप बघितला. नजर न चोरता, जवळून. सुखदेवांचं मोठेपण मान्य करायचं आणि त्यांची घसरणही सांगायची, हे दोन्ही एका वेळी करता येतं, हे मला तिच्याकडून कळलं. आपल्या घरातल्या मोठ्या माणसांकडे असं बघायचं धाडस आपल्यात आहे का गं? विचार करून बघा.