विश्लेषण : ज्याला कैद केले, त्याच्याच हाती सत्ता का सोपवली?

६ मार्च १९५७ रोजी गोल्ड कोस्ट ही ब्रिटिश वसाहत ‘घाना’ या नावाने स्वतंत्र झाली. तेथील अखेरचे ब्रिटिश गव्हर्नर होते सर चार्ल्स आर्डेन-क्लार्क.

त्यांची नियुक्ती कशी झाली?
नायजेरिया, बेचुआनालँड, बासुटोलँड आणि सारावाक येथील अनुभवानंतर १९४९ मध्ये ते गोल्ड कोस्टला आले. आदल्याच वर्षी राजधानी अक्रामध्ये माजी सैनिकांच्या मोर्चावर गोळीबार होऊन तिघे ठार झाले होते. त्यानंतर दंगली उसळल्या होत्या.

एन्क्रुमांना तुरुंगात का टाकले?
तात्काळ स्वराज्यासाठी क्वामे एन्क्रुमा यांनी जानेवारी १९५० मध्ये संप आणि बहिष्काराची हाक दिली. आर्डेन-क्लार्क यांनी आणीबाणी लागू केली. एन्क्रुमांना शिक्षा झाली.

मग सुटका का केली?
फेब्रुवारी १९५१ च्या निवडणुकीत लोकनियुक्त ३८ पैकी ३४ जागा एन्क्रुमांच्या पक्षाने जिंकल्या. ते स्वतः तुरुंगातूनच निवडून आले. त्यांना आत ठेवले असते, तर नवी राज्यघटना पहिल्याच पावलावर कोलमडली असती. १२ फेब्रुवारीला गव्हर्नरांनी त्यांची सुटका केली आणि सरकारचे नेतृत्व सोपवले. १९५२ मध्ये एन्क्रुमा पंतप्रधान झाले.

वाटचाल सोपी होती का?
नाही. अशांती प्रदेशातून संघराज्याची मागणी पुढे आली, हिंसाचार झाला. १९५६ मध्ये पुन्हा निवडणूक घेण्यात आली. १०४ पैकी ७१ जागा मिळवून एन्क्रुमांनी कौल जिंकला. स्वातंत्र्यानंतर आर्डेन-क्लार्क काही आठवडे घानाचे गव्हर्नर जनरल होते. १९६२ मध्ये त्यांचे निधन झाले. दडपशाहीचा मार्ग त्यांनी आधी वापरून पाहिला होता. मतपेटीचा कौल मात्र त्यांनी नाकारला नाही.