अंड्यांची राखण आणि झाँ-आंरी फाब्र

कुंभारीण माशीने मातीच्या घरट्यात कोंडलेला किडा तिच्या ध्यासाने अखेर माशीच होतो, हा भ्रमरकीटन्याय आपण कीर्तनांतून ऐकत आलो आहोत. अशा घरट्यांत खरोखर काय घडते, हे ज्याने जन्मभर उन्हातान्हात बसून पाहिले त्या फ्रेंच मास्तराची, झाँ-आंरी फाब्रची, ओळख मी येथे करून देत आहे.

फाब्रचा जन्म १८२३ साली दक्षिण फ्रान्समधील सँ-लेओं या खेड्यात झाला. घरी अठराविश्वे दारिद्र्य. शिष्यवृत्तीवर शिकून तो शिक्षक झाला. काही गांधीलमाश्या आपल्या अळ्यांसाठी भुंगेरे साठवतात आणि ते सडत नाहीत, हे ठाऊक होते. ते मेलेलेच नसतात, डंखाने लुळे पडलेले असतात, हे फाब्रने १८५५ मध्ये दाखवले. किडा माशी होत नाही. तो माशीच्या अळीचे ताजे अन्न असतो.

पुढे आव्हीन्याँ येथील व्याख्यानांत त्याने मुलींनाही फुलांचे फलन समजावले. सनातनी मंडळी खवळली, घरमालकिणींनी घर सोडायला लावले. तेव्हा जॉन स्टुअर्ट मिलने तीन हजार फ्रँक उसने दिले. फाब्रने ते फेडले. पाठ्यपुस्तके लिहून पैसा जमवून १८७९ मध्ये त्याने सेरीन्याँ येथे एक ओसाड, दगडाळ जागा घेतली. तीच त्याची प्रयोगशाळा.

त्याची लायकोसा कोळीण मला विसरता येत नाही. ती अंड्यांची पिशवी शरीराला बांधून फिरते, बिळाच्या तोंडाशी बसून ती तासन् तास उन्हात फिरवते. फाब्रने पिशवी काढून तिला बुचाची गोळी दिली, तर तिने तीच कवटाळली! एवढी माया, पण ओळख नाही.

ही राखण कोणापासून? आज आपल्याला ठाऊक आहे, की काही परजीवी माश्या कोळ्यांच्या अंड्यांवरच वाढतात. बेयस या प्रजातीच्या बिनपंखी, जेमतेम मिलिमीटरभर माद्या कोशात शिरून कोळ्याच्या अंड्यात आपले अंडे घालतात. काही जाती लांब नळी रेशमातून आत खुपसतात. ज्या कोळिणीचा कोश दाट, तिची पिले वाचतात. आणि दाट कोशही भेदू शकणाऱ्या माशीचाच वंश पुढे चालतो. पिढ्यान् पिढ्या दोघी एकमेकींना घडवत राहतात.

फाब्रला मात्र उत्क्रांती कधीच पटली नाही. डार्विनने आपल्या ग्रंथात त्याच्या निरीक्षणशक्तीचा गौरव केला, पत्रव्यवहारही झाला, तरी तो बधला नाही. डंख जरा चुकला तर अळी उपाशी मरेल, तेव्हा ही विद्या पहिल्यापासूनच परिपूर्ण हवी, असा त्याचा मुद्दा होता. पण १८९८ मध्ये अमेरिकेतील पेकहॅम दांपत्याला दिसले, की डंख नेहमी अचूक बसत नाहीत. काही भक्ष्ये मरतातही, आणि अळ्या ती खाऊनही वाढतात. हे कमीजास्तपणच निवडीचे भांडवल!

१९०७ पर्यंत फाब्रच्या कीटक-आठवणींचे दहा खंड निघाले. १९१५ मध्ये तो वारला. त्याचा निष्कर्ष मला मान्य नाही. पण बुचाची गोळी त्याने लपवून ठेवली नाही, आपल्या मताला अडचणीची ठरतील अशी निरीक्षणेही जशीच्या तशी लिहिली. म्हणूनच त्याच्याशी मतभेद असणाऱ्यालाही त्याच्याच वह्या उघडाव्या लागतात.